अण्णांकडे हिशेब मागायचा कसा?

पत्र

मी कळव्याला राहते. वागळे इस्टेटमधल्या एका औषध कंपनीच्या पॅकिंग खात्यात २६ वर्षं काढली आणि निवृत्तीनंतर तिथल्या बायकांवर कादंबरी लिहिली. २०१९ मध्ये ती नौपाड्यातल्या एका छोट्या प्रकाशकांनी काढली. त्यांना सगळे अण्णा म्हणतात. त्यांनी माझ्यासोबत बसून कादंबरी दोनदा वाचली, शंभरेक पानं कमी करायला लावली. कागद कुठलाच झाला नाही. ‘आपल्यात कागद कशाला, ताई’ असं ते म्हणाले. १००० प्रती, किंमत २५० रुपये, रॉयल्टी १० टक्के, एवढं तोंडी ठरलं. पहिल्या वर्षी ४०० प्रतींचे १०,००० रुपये मिळाले, मग काही नाही. विचारलं की म्हणायचे, ‘पुस्तक हळू चाललंय.’ कोविडमध्ये माझे यजमान गेले तेव्हा अण्णा रोज फोन करायचे, त्यामुळे मी पुढे विषयच काढला नाही.

गेल्या महिन्यात वाशीच्या एका ग्रंथप्रदर्शनात माझं पुस्तक दिसलं. आत छापलं होतं, ‘दुसरी आवृत्ती २०२३’. मला पत्ताच नव्हता. तिथेच एक तरुण भेटला. तो लिटररी एजंट आहे. इंग्रजी अनुवाद आणि वेबसिरीज करून देतो म्हणतो. त्यासाठी ४५,००० रुपये नोंदणी फी आणि करारावर सही हवी आहे. कराराचे फोटो सोबत पाठवते. मुलगा म्हणतो सही करून टाक, सून म्हणते अण्णांवर केस कर. मला झोप लागत नाही. हिशेब मागितला तर अण्णांना काय वाटेल? दुसरी कादंबरी अर्धी झाली आहे, ती कुणाला देऊ?

— एक लेखिका, कळवा

उत्तर

ताई, त्या तरुणाच्या कागदावर सही करू नका आणि त्याला एक रुपयाही देऊ नका. बाकीचं सगळं सावकाश करता येईल. एवढी एक गोष्ट मात्र आजच पक्की करा, कारण सही एकदा झाली की ती सोडवायला वर्षं जातात.

आता कादंबरीची प्रत हातात घ्या आणि सुरुवातीचं ते पान उघडा, जिथे प्रकाशकाचं नाव, मुद्रक, किंमत आणि आयएसबीएन म्हणजे पुस्तकाचा ओळख क्रमांक असतो. तिथे हक्क कुणाच्या नावावर छापलेत ते बघा. बहुतेक तुमचंच नाव असेल. ते नसलं तरी घाबरू नका. आपल्याकडच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार लिहिणारा हाच हक्कांचा पहिला मालक असतो, आणि हे हक्क दुसऱ्याच्या नावावर करायचे तर लेखी कागद आणि मालकाची सही लागते. तोंडी बोलण्यावर कॉपीराइट कुणाकडे जात नाही. त्यासाठी कुठे नोंदणी केलेली असायला हवी असंही नाही. म्हणजे ‘आपल्यात कागद कशाला’ या वाक्याने तुमचं जे नुकसान झालं ते हिशेबाचं. मालकी तुमच्याकडेच राहिली. अण्णांना तुम्ही पुस्तक छापायची आणि विकायची परवानगी दिली होती, तीही १००० प्रतींची.

दुसरी आवृत्ती तुम्हाला न सांगता काढणं चूक आहे. अण्णा कितीही चांगले असले तरी हे चूकच आहे, आणि ते तुम्ही स्वतःशी स्पष्ट म्हणावं असं मला वाटतं. तुमच्या पत्रात तुम्ही तीन ठिकाणी त्यांची बाजू घेतली आहे. स्वतःची एकदाही घेतलेली नाही.

तरी सूनबाई म्हणतात तसं थेट कोर्टात जाण्याआधी अण्णांच्या टेबलावर काय चाललेलं असतं ते सांगते. मी २२ वर्षं प्रकाशनसंस्थांमध्ये संपादन केलं, आणि लहान संस्थेत संपादन करणारीलाच हिशेबाच्या वह्याही सांभाळाव्या लागतात. २५० रुपयांचं पुस्तक विकलं गेलं की प्रकाशकाच्या हातात २५० येत नाहीत. वितरक आणि विक्रेता मिळून ४० टक्के किंवा त्याहून जास्त सवलत घेतात. उरलेले पैसेही लगेच येत नाहीत. विक्रेत्यांकडे माल उधारीवर जातो आणि सहा-सहा महिन्यांनी अर्ध्या प्रती कोपरे दुमडून परत येतात. राज्यातल्या ११-१२ हजार सार्वजनिक ग्रंथालयांवर मराठी पुस्तकांच्या विक्रीची मोठी भिस्त आहे, पण त्यांचं अनुदान वेळेवर आलं नाही की त्यांची खरेदी थांबते आणि प्रकाशकाची उधारी आणखी लांबते. अशा वेळी छापखान्याचं बिल आधी चुकतं होतं, कागदवाला दारात उभा राहतो म्हणून त्याचं त्यानंतर, आणि लेखकाचं सर्वांत शेवटी, कारण लेखक दारात उभा राहत नाही. तुम्ही उभ्या राहिला नाहीत.

यात लबाडी असतेच असं नाही. पुष्कळदा नुसता गलथानपणा असतो. हल्ली डिजिटल छपाईमुळे १०० किंवा २०० प्रतीसुद्धा काढता येतात. प्रदर्शनाआधी थोड्या प्रती छापायच्या आणि पहिल्या पानावर ‘दुसरी आवृत्ती’ टाकायचं, हे अनेक ठिकाणी होतं. तुमची दुसरी आवृत्ती २०० ची आहे की १००० ची, हे छापखान्याच्या बिलावरून कळेल. तेच बिल बघायला मागायचं आहे.

साधा हिशेब करून ठेवा. पहिली आवृत्ती १००० ची होती, ४०० चे पैसे मिळाले. दुसरी आवृत्ती काढली म्हणजे पहिली संपली किंवा संपत आली असं धरायला जागा आहे. राहिलेल्या ६०० प्रतींतून परीक्षणासाठी आणि भेट म्हणून दिलेल्या, खराब झालेल्या ५० वगळू. ५५० प्रती, प्रत्येकी २५ रुपये, म्हणजे १३,७५० रुपये. वर दुसऱ्या आवृत्तीच्या विक्रीचे वेगळे. रक्कम मोठी नाही. वकिलाची पहिली नोटीसही यातला बराच भाग खाईल, म्हणून केस हा पहिला मार्ग नको. पण पैशाच्या दाव्याला साधारण तीन वर्षांची मुदत असते हेही लक्षात ठेवा. जुन्या रकमेचा काही भाग तिच्या पलीकडे गेलाही असेल. मुदत संपायच्या आत समोरच्याने लेखी कबुली दिली, तर त्या तारखेपासून मुदत नव्याने धरली जाते. म्हणून अण्णांशी फोनवर कितीही बोला, पण उत्तर लेखी घ्या. व्हॉट्सअ‍ॅपवर आलं तरी ते जपून ठेवा.

आता तुमचा खरा प्रश्न, की त्यांना काय वाटेल. माझ्या वडिलांचा एक लेखसंग्रह त्यांच्या शाळासोबत्यानेच काढला होता. दोघं एकाच चाळीत वाढलेले, हिशेब कसला मागायचा! वडिलांनी अकरा वर्षं विचारलं नाही. त्या वर्षांत ते त्या मित्राकडे हळूहळू कमी जाऊ लागले. दिवाळीला फोन व्हायचा, तोही आईने आठवण केली की. भांडण झालं नाही, काही नाही, फक्त मनात एक आकडा बसला होता आणि तो बोलता येत नव्हता. पुढे प्रकाशक गेले, वर्षभरात वडीलही गेले. मी प्रकाशकांच्या मुलाकडे चौकशी केली. उरलेला गठ्ठा जागा रिकामी करताना रद्दीत गेल्याचं त्याने सांगितलं. किती प्रती होत्या हे त्यालाही माहीत नव्हतं. मला पैसे नको होते. मला दहा प्रती हव्या होत्या. वडिलांनी वेळेवर एक पत्र लिहिलं असतं तर ती मैत्री टिकली असती असं मला आजही वाटतं. न विचारण्यानेच ती संपली.

तुमचंही तसंच होऊ लागलं आहे. ‘पुढे विषयच काढला नाही’ असं तुम्ही लिहिता, आणि आता त्यांचं नाव निघालं की झोप जाते.

म्हणून पत्र लिहा. हातानेच लिहा, अण्णांच्या पिढीला ते बरं वाटेल. साधारण असं: ‘अण्णा, सप्रेम नमस्कार. माझ्या कादंबरीची दुसरी आवृत्ती निघालेली वाशीच्या प्रदर्शनात पाहिली. आनंद झाला, पण आपण मला कळवलं नाहीत याचं वाईट वाटलं. दोन्ही आवृत्त्यांच्या किती प्रती छापल्या, किती विकल्या, किती शिल्लक आहेत आणि माझी रॉयल्टी किती निघते, हे महिनाभरात लेखी कळवावं. छपाईची बिलंही पाहायला मिळावीत. यापुढची छपाई माझ्या लेखी संमतीनेच व्हावी. अनुवाद, ऑडिओ, ई-बुक, नाटक, चित्रपट आणि वेबसिरीजचे हक्क माझ्याकडेच आहेत. आपण सोबत बसून एक साधा करार करू.’ शेवटी, त्यांनी संहितेवर घेतलेल्या मेहनतीबद्दल तुम्हाला जे वाटतं ते लिहा. ते मनापासूनचं आहे आणि त्यांना ते कळायला हवं. पत्राची एक प्रत स्वतःकडे ठेवा आणि त्यावर त्यांची सही-तारीख घ्या.

या मेहनतीबद्दल थोडं बोलते, कारण एजंटचा प्रश्न तिथूनच समजतो. लंडनमध्ये १८७० च्या दशकात ए. पी. वॉट यांनी लेखकांच्या वतीने प्रकाशकांशी बोलणी करण्याचा व्यवसाय सुरू केला आणि मिळकतीवर १० टक्के घेतले. आता इंग्रजीत साधारण १५ टक्के आणि अनुवादाच्या किंवा परदेशी हक्कांवर २० टक्के असा प्रघात आहे. तिथे मोठे प्रकाशक पुष्कळदा एजंटकडूनच संहिता घेतात. निवड, पहिलं संपादन, कराराची घासाघीस हे एजंट करतो. मराठीत ही निवड आणि संपादन प्रकाशक-संपादकच करत आले. १९८२ मध्ये बंद पडलेल्या ‘सत्यकथा’ मासिकाचे संपादक श्री. पु. भागवत आणि राम पटवर्धन लेखकांना सविस्तर पत्रं लिहायचे, कथा पुन्हा लिहून मागवायचे. आपल्याकडचं लेखक-प्रकाशक नातं अशा पत्रांवर आणि चहावर उभं राहिलं, त्यामुळे मध्ये तिसरा माणूस रुजलाच नाही. याने लेखन सुधारलं. कराराची बोलणी मात्र लेखकाच्या बाजूने कुणीच केली नाहीत. जो तुमची शंभर पानं कापून कादंबरी सुधारतो, त्याच्याचकडे टक्केवारीसाठी वाद घालायचा, हे कुणालाही जड जातं. एजंट हवा असतो तो यासाठी.

त्यामुळे एजंट ही कल्पना मी वाईट मानत नाही. उलट आता मराठीत तशी माणसं लागतील. २०२२ मध्ये हिंदी आणि २०२५ मध्ये कन्नड पुस्तकाच्या इंग्रजी अनुवादाला आंतरराष्ट्रीय बुकर मिळाला. त्या बक्षिसाचे ५० हजार पौंड लेखक आणि अनुवादकात निम्मे-निम्मे वाटले जातात. तेव्हापासून भारतीय भाषांतल्या पुस्तकांकडे बघणारे डोळे वाढले आहेत. तुमची कादंबरी कारखान्यातल्या बायकांची आहे, ती दुसऱ्या भाषेत वाचली जाईल हे मला अजिबात अशक्य वाटत नाही.

पण तुम्हाला भेटलेल्या तरुणाचा कागद एजंटचा नाही. फोटो मोठे करून दोनदा वाचले. दुसऱ्या कलमात शब्द आहे ‘हस्तांतरण’. एजंट हक्क घेत नाही, तो तुमच्या हक्कांसाठी दुसऱ्याशी बोलतो. या कागदात तुम्ही सगळ्या भाषांचे, सगळ्या माध्यमांचे, जगभरातले हक्क ‘कॉपीराइटच्या संपूर्ण मुदतीसाठी’ त्याच्या नावावर करत आहात. आपल्याकडे ही मुदत म्हणजे लेखकाचं आयुष्य आणि त्यानंतर ६० वर्षं. तुमच्या नातवंडांनाही या कादंबरीवर नाटक करायचं झालं तर त्याच्याकडे परवानगी मागावी लागेल. बदल्यात त्याने काय करायचं, किती दिवसांत करायचं, याबद्दल एक ओळ नाही. ‘प्रयत्न करण्यात येतील’ एवढंच आहे.

कायद्याने इथे लेखकाला थोडं सांभाळलं आहे. करारात मुदत लिहिलीच नसेल तर ती पाच वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. ज्याने हक्क घेतले त्याने वर्षभरात ते वापरले नाहीत तर ते परत येतात. पण ‘करारात वेगळं लिहिलं नसेल तर’ हे त्या प्रत्येकाला जोडलेलं आहे, आणि तुमच्याकडच्या कागदात सगळंच वेगळं लिहून ठेवलं आहे. सातवं कलम बघा, ‘वापर न झाल्यास हक्क परत जाणार नाहीत.’ कायदा माहीत असलेल्या माणसानेच ते घातलं आहे.

नोंदणी फीबद्दल तर बोलायलाच नको. एजंटचे पैसे तुमच्या कमाईतून निघतात. प्रकाशक किंवा निर्माता देतो, त्यातला त्याचा हिस्सा तो कापून घेतो आणि उरलेले तुम्हाला देतो. सौदा झाला नाही तर त्यालाही काही मिळत नाही, म्हणून तो धडपडतो. आधीच ४५,००० मिळाले तर त्याने धडपड कशासाठी करायची? शिवाय वर ३० टक्के हिस्साही लिहिला आहे.

तो तरुण फसवाच आहे असं मी म्हणत नाही. कुठला तरी मसुदा उचलून त्याने चिकटवलाही असेल. त्याला ईमेलने उत्तर द्या: हा मसुदा मान्य नाही, फी देणार नाही. इंग्रजी व हिंदी अनुवाद आणि पडद्यावरचे हक्क, एवढ्यांसाठी एक वर्ष माझ्या वतीने बोलायचा अधिकार देईन, सौदा माझ्या सहीशिवाय होणार नाही, झालेल्या सौद्यावर २० टक्क्यांपर्यंत कमिशन. सोबत त्याने आजवर मिळवून दिलेल्या दोन-तीन करारांची माहिती मागा आणि त्या लेखकांशी स्वतः फोनवर बोला. खरा असेल तर तो याला तयार होईल. नसेल तर उत्तरच येणार नाही, आणि तुमचे ४५,००० वाचतील. मुलाला हे पत्र वाचायला द्या. तो तुमच्या पुस्तकाच्या आनंदाने घाई करतोय, त्याला रागावू नका.

वेबसिरीजचं एवढंच सांगते, की निर्माते सहसा आधी ‘ऑप्शन’ घेतात. म्हणजे वर्ष-दीड वर्ष कथा राखून ठेवायचे थोडे पैसे, आणि खरंच करायचं ठरलं तर पूर्ण रक्कम. बहुतेक ऑप्शन तसेच संपतात. संपल्यावर हक्क तुमच्याकडे परत आले पाहिजेत, तेवढं कागदात बघायचं.

अण्णांशी करार कराल तेव्हा काही गोष्टींवर अडून बसा. रॉयल्टी छापील किमतीवर हवी. ‘निव्वळ जमेवर’ असं आलं तर फरक पाहा: २५० च्या १० टक्के म्हणजे २५, पण सवलत जाऊन १४० हातात आले तर त्याचे १० टक्के म्हणजे १४. मुदत पाच वर्षं पुरे. ‘पुस्तक उपलब्ध असेपर्यंत’ हे शब्द येऊ देऊ नका, कारण मागणीप्रमाणे एकेक प्रत छापता येते अशा काळात पुस्तक कधीच अनुपलब्ध होत नाही. त्याऐवजी वर्षात ५० पेक्षा कमी प्रती विकल्या गेल्या तर हक्क परत, असा आकडाच घाला. हिशेब वर्षातून एकदा, ठरलेल्या महिन्यात, विक्री शून्य असली तरी. अनुवादाचा सौदा अण्णांनी आणला तर त्यांना हिस्सा जरूर द्या. दुसऱ्या कुणी आणला तर त्यांचा हिस्सा का, हे त्यांना विचारा.

आणि समजा बोलणं फिसकटलं, तुम्ही दुसऱ्या प्रकाशकाकडे गेलात, तर मजकूर तुमचा असला तरी मुखपृष्ठाचं चित्र चित्रकाराचं असतं, पानांची मांडणी केलेली फाइल अण्णांनी पैसे देऊन करून घेतलेली असते आणि प्रस्तावना ज्यांनी लिहिली त्यांची असते. ते उचलून नेता येणार नाही. शिल्लक प्रती तुम्हाला सवलतीत विकत द्याव्यात असं मात्र सांगा. त्या रद्दीत जाऊ देऊ नका.

दुसरी कादंबरी अजून कुणालाच देऊ नका. अण्णांना एक महिना द्या. त्यांनी हिशेब मांडला, चूक कबूल केली, पैसे दोन हप्त्यांत का होईना दिले आणि करारावर सही केली, तर माझं मत विचाराल तर ती त्यांनाच द्या. संहितेवर लेखिकेसोबत दोनदा बसणारा माणूस सहज मिळत नाही, मी त्या व्यवसायात राहून हे सांगते. महिना उलटून गेला आणि उत्तर आलं नाही, तर स्पीड पोस्टाने एक स्मरणपत्र पाठवा आणि मला पुन्हा लिहा. मग वकिलाच्या नोटिशीचं बघू.

पत्र द्यायला सूनबाईंना सोबत न्या. त्या पोच घ्यायला विसरणार नाहीत.